आन्ना मान्यानी पाहायची तर सुरुवात कुठून करावी?

इटालियन नट्यांची नावं घ्या म्हटलं की आपल्याकडे सोफिया लॉरेन आणि जिना लोलोब्रिजिदा ही दोन पटकन येतात. फिल्म सोसायटीत उठबस असलेला कुणी असेल तर तो आन्ना मान्यानीचं नाव काढतो. पण तिचं काय काय पाहिलंय असं विचारलं तर उत्तर बहुधा एकच मिळतं: 'रोम, ओपन सिटी'त ट्रकमागे धावणारी ती बाई. तो प्रसंग थोर आहेच, पण तेवढ्यावर थांबलं की मान्यानी म्हणजे आरडाओरडा, विस्कटलेले केस आणि धगधगता स्वभाव एवढंच डोक्यात राहतं. 'ती अभिनय करतच नसे, ती तशीच होती' हे वाक्य तिच्याबद्दल इतक्यांदा लिहिलं गेलंय की तिच्या हातातली कारागिरी कुणाला दिसेनाशी झाली आहे. ती दिसावी म्हणून हा क्रम सुचवतोय. तो सालवार नाही, आणि मुद्दामच नाही.

आधी थोडी तयारी

नाव शोधताना रोमन स्पेलिंगमध्ये 'जी' येतो, उच्चारात तो नाही. चित्रपट शोधताना इटालियन आणि इंग्रजी अशा दोन्ही नावांनी शोधा, कारण ओटीटीवर एकच चित्रपट कधी या नावाने असतो, कधी त्या. काय कुठे आहे ते इथे सांगण्यात अर्थ नाही, महिन्या-दोन महिन्यांत यादी बदलते. 'क्रायटेरियन' या अमेरिकन कंपनीने 'रोम, ओपन सिटी', 'मम्मा रोमा', 'द गोल्डन कोच' आणि 'द फ्युजिटिव्ह काइंड' यांच्या चांगल्या प्रती काढल्या आहेत. मुंबईत प्रभात चित्र मंडळ, पुण्यात आशय अशा संस्थांच्या कार्यक्रमांवर लक्ष ठेवा. मान्यानीला मोठ्या पडद्यावर पाहायची संधी आली तर बाकीची कामं बाजूला ठेवावीत.

दुसरी गोष्ट आवाजाची. त्या काळी इटलीत बहुतेक चित्रपटांचा आवाज नंतर स्टुडिओत भरला जाई. ओठ आणि शब्द जुळत नाहीत म्हणून प्रत खराब आहे असं समजू नका. मात्र इंग्रजीत डब केलेली प्रत अजिबात घेऊ नका. तिचा तो किंचित घोगरा, रोमच्या गल्लीबोळातला आवाज काढून घेतला तर निम्मी मान्यानी गेलीच. सबटायटल्स वाचताना एखादी ओळ सुटली तरी चालेल, चेहऱ्यावरून नजर हलू देऊ नका. ती बोलण्याआधी अर्धा क्षण काय करते हेच पाहण्यासारखं असतं.

चरित्रातलं एवढंच लक्षात ठेवा. जन्म 7 मार्च 1908, रोम. वडिलांचा पत्ता नाही, आई इजिप्तमध्ये अलेक्झांड्रियाला निघून गेली आणि मुलीला आजीने वाढवलं. त्यामुळे ती इजिप्तमध्ये जन्मली असं काही ठिकाणी छापलेलं सापडेल, तिने स्वतः ते नाकारलं होतं. रोमच्या नाट्यशाळेत तिने रीतसर शिक्षण घेतलं. 'ती तशीच होती' म्हणणारे नेमकं हेच विसरतात.

पहिली पायरी: 'बेल्लिस्सिमा' (1951)

'रोम, ओपन सिटी'पासून सुरुवात करावी असं बहुतेक जण सांगतील. माझं म्हणणं, नको. त्यात ती अर्ध्यावरच जाते, आणि तो प्रसंग इतका गाजलेला आहे की आपण त्याचीच वाट पाहत बसतो. लुकिनो व्हिस्कोन्तीच्या 'बेल्लिस्सिमा'त ती जवळजवळ प्रत्येक प्रसंगात आहे, आणि काय काय करू शकते ते सगळं तिथे एका जागी आहे.

गोष्ट साधी. चिनेचित्ता या स्टुडिओत एका चित्रपटासाठी लहान मुलगी हवी आहे. माद्दालेना चेक्कोनी ही घरोघरी जाऊन इंजेक्शनं देणारी बाई. ती आपल्या मारियाला घेऊन त्या गर्दीत घुसते आणि मग नाचाची शिकवणी, अभिनयाची शिकवणी, फ्रॉक, फोटो, वशिल्यासाठी पैसे असं घर धुऊन निघायला लागतं. वशिल्याच्या नावाखाली घेतलेल्या पैशांतून एक बेरकी तरुण स्वतःसाठी लॅम्ब्रेटा घेतो. दिग्दर्शक म्हणून जो दिसतो तो खराच दिग्दर्शक आहे, आलेस्सांद्रो ब्लाझेत्ती, स्वतःच्याच नावाने. तो आत येतो तेव्हा व्हिस्कोन्ती पार्श्वसंगीतात दोनिझेत्तीच्या ऑपेरातल्या भोंदू वैदूची धून वाजवतो.

पाहताना तीन जागा पकडा. एक, आरशासमोर केस विंचरता विंचरता ती अभिनय म्हणजे तरी काय असतं, असा विचार बोलून दाखवते. इटलीतली सर्वांत मोठी नटी, अभिनय न येणाऱ्या बाईचा अभिनय करत, अभिनयाबद्दल बोलते आहे. दुसरी, त्या तरुणाबरोबर नदीकाठी बसलेली असताना. तो घसट करू पाहतो आणि ती त्याला न दुखावता, हसत हसत वाटेला लावते. यात आवाज कुठेच चढत नाही. तिसरी, प्रोजेक्शनच्या खोलीतून मुलीची चाचणी पाहतानाची. पडद्यावर मारिया रडते आहे, खाली बसलेली मंडळी खिदळताहेत. इथे मान्यानीचा चेहरा पाहा. अजून ती काहीच बोललेली नसते, पण चित्रपटाचा शेवट तिथेच ठरलेला असतो.

शेवटाकडे बाहेरच्या उघड्या थिएटरमधून येणारा आवाज ऐकून ती तो बर्ट लँकेस्टरचा म्हणून ओळखते. चारच वर्षांनी ती त्याच लँकेस्टरसमोर उभी राहिली. त्याकडे पुढे येऊच.

दुसरी पायरी: 'रोम, ओपन सिटी' (1945)

आता हा पाहा. रोममधून जर्मन गेले जून 1944 मध्ये, आणि रोबेर्तो रोस्सेलिनीने चित्रीकरण सुरू केलं ते पुढच्या जानेवारीत. कच्ची फिल्म मिळेल तशी जमवलेली, स्टुडिओ धड नाहीत. मान्यानीने केलेल्या पीनाच्या भूमिकेमागे खरी घटना आहे. 3 मार्च 1944 रोजी व्हियाले जुलिओ चेझारे या रस्त्यावर, पकडून नेलेल्या नवऱ्याला पाहायला गेलेल्या तेरेसा गुल्लाचे या गरोदर, पाच मुलांच्या आईला गोळी घातली गेली. म्हणजे चित्रपट पाहणाऱ्या रोमकरांना ती बाई ठाऊक होती. प्रसंगात अतिशयोक्ती शोधणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावं.

त्या धावण्याबद्दल इतकंच सांगतो: आधीची वीसेक मिनिटं नीट पाहिलीत तरच ते लागतं. जिन्यावर बसून होणाऱ्या नवऱ्याशी, फ्रांचेस्कोशी, होणारं रात्रीचं बोलणं, पाद्री डॉन पिएत्रोशी (आल्दो फाब्रिझी) पावाच्या दुकानावरच्या दंगलीबद्दल होणारं बोलणं, बहिणीवरची चिडचिड. बाई थकलेली आहे, दुसऱ्या दिवशी लग्न आहे, पोट पुढे आलंय. मान्यानी हे सगळं चालता चालता करते, कुठेच थांबून 'आता बघा' म्हणत नाही.

हा चित्रपट आपल्याकडे लवकर आला. भारताचा पहिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव 24 जानेवारी 1952 रोजी मुंबईत सुरू झाला, त्यात 'बायसिकल थीव्ह्ज'च्या जोडीने हाही होता. भारतातर्फे त्या महोत्सवात जे चित्रपट होते त्यांत व्ही. शांताराम यांचा, होनाजी बाळावरचा 'अमर भूपाळी' होता.

तिसरी पायरी: उलटं मागे जा

'रोम, ओपन सिटी' आला तेव्हा ती सदतीस वर्षांची होती. मग त्याआधी काय? कॅबरे, आणि तिथे 'रिव्हिस्ता' म्हणतात ती नाचगाणी-प्रहसनांची रंगभूमी. 1940 नंतरची काही वर्षं ती तोतो या महान विनोदवीराबरोबर रंगमंचावर होती. आपल्या तमाशातली बतावणी डोळ्यासमोर आणा: समोरचा काय टाकेल ते झेलायचं, प्रेक्षकाचा टोमणा परतवायचा, त्या दिवसाच्या बातमीवर चिमटा काढायचा. मान्यानीचं टायमिंग तिथून आलंय. पीना असो की माद्दालेना, समोरच्याचं वाक्य संपायच्या आत तिचं उत्तर सुरू होतं, ते याच सवयीमुळे.

या काळातला एकच पाहायचा तर व्हित्तोरिओ दे सिकाचा 'तेरेसा वेनेर्दी' (1941). ती त्यात लोलेत्ता प्रीमा नावाची बेताची गायिका आहे, भूमिका लहानशी. तालमीतलं गाणं ती ज्या कंटाळ्याने ओढत नेते तेवढ्यासाठी हा चित्रपट ठेवावा. वेळ असेल तर 'काम्पो दे फियोरी' (1943) घ्या, बाजारात फळं विकणारी बाई आणि समोर मासे विकणारा फाब्रिझी. दोन वर्षांनी हीच जोडी रोस्सेलिनीने घेतली ती उगाच नाही. रोमच्या प्रेक्षकाला ते दोघे विनोदी जोडी म्हणून माहीत होते.

व्हिस्कोन्तीला 'ओस्सेस्सिओने' (1943) साठी तीच हवी होती, पण ती गरोदर असल्याने भूमिका क्लारा कालामाईकडे गेली. मुलगा लुका 1942 मध्ये झाला आणि दीडेक वर्षाचा असताना त्याला पोलिओने गाठलं. त्यानंतर ती पैशासाठी जिवापाड काम करत राहिली, हे तिच्या पुढच्या निवडींकडे पाहताना विसरू नये.

चौथी पायरी: 'लामोरे' (1948), आणि ज्वालामुखीचा तमाशा

रोस्सेलिनीने हा चित्रपट केवळ तिच्यासाठी केला. दोन भाग आहेत, एकाच बैठकीत पाहू नका. पहिला झां कॉक्तोच्या एकांकिकेवरचा: एक बाई, एक खोली, एक टेलिफोन, आणि पलीकडे सोडून जाणारा प्रियकर, ज्याचा आवाज आपल्याला ऐकू येत नाही. सुमारे पस्तीस मिनिटं. मला तो थोडा जड जातो, प्रत्येक हुंदक्याचा हिशेब दिसतो. पण शिकणाऱ्या नट-नट्यांनी तो आवर्जून पाहावा.

दुसरा भाग 'इल मिराकोलो', म्हणजे चमत्कार. अमाल्फीच्या किनाऱ्यावर शेळ्या राखणारी भोळसट नान्नीना एका भटक्याला संत जोसेफ समजते. तो तिला दारू पाजतो, पुढे ती गरोदर राहते आणि गाव तिची टिंगल करतं. भटक्या झालाय तो फेदेरिको फेल्लिनी, ज्याची ही कथा. तो एक शब्दही बोलत नाही, सगळं बोलणं मान्यानीचं. न्यूयॉर्कमध्ये या भागावर धर्मनिंदेचा ठपका ठेवून बंदी घातली गेली. वितरक जोसेफ बर्स्टिन कोर्टात गेला आणि 1952 मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की चित्रपटालाही अभिव्यक्तिस्वातंत्र्याचं संरक्षण आहे. 1915 पासून उलटा निकाल चालत आला होता.

गॉसिपचा भाग इथेच उरकून घेऊ. रोस्सेलिनी तिला सोडून इन्ग्रिड बर्गमनकडे गेला. 1949 च्या उन्हाळ्यात तो बर्गमनला घेऊन स्त्रोम्बोली बेटावर चित्रीकरण करत होता आणि मान्यानी त्याच द्वीपसमूहात 'वुल्कानो' करत होती. वर्तमानपत्रांना आणखी काय हवं? 2 फेब्रुवारी 1950 ला रोममध्ये 'वुल्कानो'चा पहिला खेळ होता आणि त्याच दिवशी बर्गमनला मुलगा झाला. पत्रकार तिकडे पळाले. 'वुल्कानो' नाही पाहिला तरी चालेल. हाच रोस्सेलिनी पुढे भारतात आला, इथून सोनाली दासगुप्तांसह परतला, आणि मुंबईच्या वर्तमानपत्रांनाही बराच मजकूर पुरवून गेला.

पाचवी पायरी: 'द गोल्डन कोच' (1952)

दुःखी, रडणारी, गरीब मान्यानी डोक्यात पक्की व्हायला लागली असेल तर हा उतारा. झां रन्वार बंगालमध्ये 'द रिव्हर' करून परतला आणि त्यानंतरचा त्याचा हा चित्रपट. अठराव्या शतकातलं स्पॅनिश पेरू, तिथे आलेली इटालियन नाटकमंडळी, त्यातली कामिल्ला, तिच्यामागे लागलेले तीन पुरुष, व्हिव्हाल्दीचं संगीत, आणि सगळं टेक्निकलरमध्ये. चित्रीकरण मात्र चिनेचित्तात.

इंग्रजीच आवृत्ती घ्या. हा चित्रपट अनेक भाषांत निघाला, पण रन्वारला इंग्रजी आवृत्ती जवळची होती आणि मान्यानी त्यात स्वतःच्या आवाजात आहे. ती रूढ अर्थाने सुंदर नाही म्हणून तेव्हा काहींनी नाकं मुरडली होती. माझ्या मते तिची सगळ्यात मोकळी भूमिका हीच. रंगमंचावरची कामिल्ला आणि बाहेरची कामिल्ला यांतली रेघ ती कुठे पुसते, हे दुसऱ्यांदा पाहताना शोधा.

याच काळातला 'सियामो दोन्ने' (1953) मधला व्हिस्कोन्तीचा छोटा भाग सापडला तर सोडू नका. मांडीवर कुत्रं घेऊन टॅक्सीत बसलं तर जादा पैसे द्यायचे की नाही, यावरून ती टॅक्सीवाल्याशी भांडते, प्रकरण पोलिसांपर्यंत नेते, आणि मग थिएटरात जाऊन गाणं गाते. भांडकुदळपणाची आपली ख्याती तिने स्वतःच खेळायला घेतली आहे.

सहावी पायरी: हॉलिवूड, थोडक्यात

'द रोझ टॅटू' (1955). नाटककार टेनेसी विल्यम्सने मूळ नाटक तिला डोळ्यासमोर ठेवूनच लिहिलं होतं, पण इंग्रजीचा भरवसा नसल्याने ब्रॉडवेवर तिने ते केलं नाही. चित्रपटात केलं, समोर बर्ट लँकेस्टर. 21 मार्च 1956 ला तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं ऑस्कर मिळालं, इटालियन नटीला मिळालेलं पहिलं. समारंभाला ती गेलीच नव्हती, रोममध्ये होती. तिच्या वतीने पुरस्कार घेतला चित्रपटात तिची मुलगी झालेल्या मारिसा पावानने.

ऑस्करवाला म्हणून याच चित्रपटापासून सुरुवात करणारे बरेच असतात आणि मग 'फारच भडक' म्हणून सोडून देतात. त्यांची चूक नाही. लँकेस्टरचा इटालियन विदूषकपणा सहन होत नाही, आणि तिलाही वरच्या पट्टीत गायला लावलंय. पण नवऱ्याच्या बाहेरख्यालीपणाची शंका मनात शिरल्यानंतरचे तिचे प्रसंग पाहा. विधवेचा मान आणि बाईचा संताप एकाच अंगात भांडत असतात. 'द फ्युजिटिव्ह काइंड' (1960) मात्र मार्लन ब्रँडोसाठी पाहा. दोघांच्या लयी जुळत नाहीत: तो वाक्य लांबवतो, ती तोडते. न जुळण्यातही शिकण्यासारखं आहे.

सातवी पायरी: 'मम्मा रोमा' (1962)

इथवर आलात तरच हा घ्या. पिएर पाओलो पाझोलिनीचा दुसरा चित्रपट. वेश्याव्यवसायातून सुटून भाजीचा गाडा लावणारी बाई, खेड्यातून परत आणलेला किशोरवयीन मुलगा एत्तोरे, नव्या वसाहतीतलं घर, आणि 'आता आपण चारचौघांसारखे' ही तिची आशा. सुरुवात पाहा: आपल्या दलालाच्या लग्नात ती डुकरं घेऊन येते आणि गाण्यातून एकमेकांना टोमणे मारायची जुगलबंदी होते. कॅबरेतली मान्यानी इथे परत भेटते. मग रात्रीच्या रस्त्यावरची ती लांबच लांब चाल. कॅमेरा तिच्यापुढे मागे सरकतोय, ती बोलतेय, माणसं अंधारातून येतात, चार पावलं चालतात, गळतात. ती बोलायची थांबत नाही.

दोघांचं जमलं नाही. पाझोलिनी छोट्या छोट्या तुकड्यांत चित्रण करणारा, बिनशिक्या चेहऱ्यांचा भोक्ता. तिला सलग अभिनयाची सवय. तिला घेतल्याबद्दल पुढे त्याने स्वतःच शंका बोलून दाखवली. मला ही ओढाताणच चित्रपटाचं बळ वाटते. मुलाचं काम करणारा एत्तोरे गारोफोलो नट नव्हता, आणि तिचं सगळं कसब त्याच्या कोऱ्या चेहऱ्यावर आपटून परत येतं. आईचंही कथेत तेच होतं.

याच सुमाराची आणखी एक गोष्ट. 'टू विमेन' (1960) मध्ये आईची भूमिका आधी मान्यानीला देऊ केली होती, सोफिया लॉरेन तिची मुलगी होणार होती. मान्यानीने नकार दिला, लॉरेनच आई झाली आणि ऑस्कर घेऊन गेली. मान्यानी तेव्हा बावन्नची होती. 'मम्मा रोमा'नंतर तिला तोलामोलाचं काम चित्रपटांनी फारसं दिलंच नाही. व्हेर्गाच्या 'ला लूपा'सारखी नाटकं तिने केली, पण ती आपल्याला पाहता येत नाहीत.

राहिलेलं

1971 मध्ये तिने इटालियन टीव्हीसाठी दिग्दर्शक आल्फ्रेदो जान्नेत्तीबरोबर चित्रपट केले, संगीत एन्निओ मोर्रिकोनेचं. त्यातला 'ला शान्तोसा' शोधा: उतारवयातली गायिका पहिल्या महायुद्धात आघाडीवर सैनिकांपुढे गायला जाते. 'रिझाते दी जोया' (1960) हा मारिओ मोनिचेल्लीचा विनोदी चित्रपटही ठेवा, नव्या वर्षाच्या आदल्या रात्री भटकणारी ती आणि पुन्हा तोतो. जुन्या जोडीदारांना एकमेकांची चाल किती पाठ आहे ते दिसतं. 'नेल्ला चित्ता लिन्फेर्नो' (1959) तुरुंगातल्या बायकांवरचा, समोर जुलिएत्ता मासीना. वेळ असेल तर.

फेल्लिनीच्या 'रोमा' (1972) मध्ये ती अर्ध्या-एक मिनिटापुरती आहे. रात्री घराच्या दारात फेल्लिनी तिला गाठतो, तू म्हणजेच रोम वगैरे ऐकवू लागतो, आणि ती त्याला जा झोप, तुझ्यावर माझा विश्वास नाही, असं सांगून दार लावते. पुढच्या वर्षी 26 सप्टेंबर 1973 ला ती कर्करोगाने गेली. शेवटच्या आजारात रोस्सेलिनी तिच्याजवळ होता.

युरोप टूरवर रोमला जाणार असाल आणि ग्रुपपासून एक दिवस सुटका होत असेल तर चार ठिकाणं जमतील. व्हियाले जुलिओ चेझारेवर तेरेसा गुल्लाचेच्या स्मृतीचा फलक आहे, व्हॅटिकनपासून चालत जाता येतं. पीना पडली ती व्हिया मोन्तेकुक्कोली पूर्वेला, पिन्येतो भागाजवळ. नंतर मेट्रोची ए लाइन घेऊन जुन्या जलसेतूंच्या उद्यानाकडे जा, 'मम्मा रोमा'तली पोरं जिथे उंडारतात ते माळ त्याच बाजूला, आता नीट राखलेले आहेत. 'बेल्लिस्सिमा'तला चिनेचित्ता स्टुडिओ त्याच लाइनवर पुढे आहे, स्टेशनचं नावही तेच. आत प्रदर्शन पाहता येतं, पण निघण्याआधी वेळ आणि सुट्टीचा वार तपासून घ्या.